यंत्राची नाडीपरीक्षा

(संस्थेच्या वार्षिक समारंभात केलेल्या भाषणाचा मजकूर)



आजच्या भाषणाचा विषय ऐकून आपणांपैकी काहींना नवल वाटेल. शिक्षकाने अभ्यासावर बोलावे, शिस्तीवर बोलावे, फार तर वाचनाच्या गोडीवर बोलावे, अशी आपली अपेक्षा असते. मी मात्र मोटारीच्या इंजिनाविषयी आणि त्याचा बिघाड मोबाईलवर दाखविणाऱ्या ॲपविषयी बोलणार आहे. मी बी.ए., बी.एड. झालेला माणूस; मराठी आणि इतिहास शिकवितो. हा विषय मला शिकविला तो माझ्याच एका जुन्या विद्यार्थ्याने. शिक्षणाबद्दल मला जे सांगावयाचे आहे ते या विषयातूनच अधिक नीट सांगता येईल, असे मला वाटते.

गोष्ट गेल्या पावसाळ्यातील आहे. माझ्याकडे जुनी विकत घेतलेली एक लहान पेट्रोल मोटार आहे; २०१५ सालची. पुसदहून महागावला परत येत असताना गाडी अचानक गचके देऊ लागली. चढावर तिला दम लागला आणि समोरच्या तक्त्यावर इंजिनाच्या आकाराचा एक पिवळा दिवा लुकलुकू लागला. कसाबसा घरी पोचलो. दुसऱ्या दिवशी गाडी एका गॅरेजात नेली. तेथील कारागिराने बॉनेट उघडले, दोन मिनिटे कान देऊन ऐकले आणि 'सेन्सर गेला' असा निकाल दिला. कोणता सेन्सर, आणि तो गेला हे कशावरून, हे मी विचारले नाही आणि त्यानेही सांगितले नाही. सेन्सर बदलला, बॅटरीची तार काढून पुन्हा लावली, दिवा विझला, पैसे दिले. तिसऱ्या दिवशी गचके पुन्हा सुरू आणि दिवा पुन्हा हजर!

तेव्हा मी दुसऱ्या एका छोट्या गॅरेजात गेलो. तेथे एक वृद्ध उस्ताद आहेत. सारे त्यांना चाचा म्हणतात. त्यांच्या हाताखाली माझा एक जुना विद्यार्थी काम करतो. आठवीनंतर त्याने शाळा सोडली होती. मला पाहून त्याने हात पुसले, सलाम केला आणि खिशातून काडेपेटीएवढी एक वस्तू काढली. स्टिअरिंगच्या खाली, गुडघ्याजवळ, सोळा छिद्रांची एक खाच असते. ती वस्तू त्याने त्या खाचेत बसविली, गाडीची किल्ली फिरविली आणि आपला मोबाईल उघडला. पडद्यावर अक्षरे उमटली : पी ०३०१. खाली इंग्रजीत एक ओळ होती. ती त्याने अडखळत वाचली, 'सिलिंडर वन मिसफायर डिटेक्टेड', आणि मला विचारले, "सर, डिटेक्टेड म्हणजे काय?"

मी म्हणालो, "डिटेक्टेड म्हणजे आढळले. पण मिसफायर म्हणजे नेमके काय होते रे?"

तो चाचांकडे पाहू लागला. चाचा म्हणाले, "एक नंबर मिस मारतोय. पेट्रोल आत जाते, पण पेटत नाही."

मित्रांनो, त्या क्षणी आम्ही तिघे एका बॉनेटभोवती उभे होतो. मला भाषा येत होती, पण यंत्र कळत नव्हते. चाचांना यंत्र कळत होते, पण ती ओळ वाचता येत नव्हती. मुलाला मोबाईल चालविता येत होता, पण भाषा अर्धी आणि यंत्रही अर्धेच कळत होते. तिघांच्या विद्येची बेरीज केली तेव्हा कोठे एक पूर्ण मेकॅनिक तयार झाला! त्या बेरजेकडे मी पुन्हा येईन. आधी हे यंत्र काय आहे ते पाहू.

आपल्या वडिलांच्या काळातील मोटार मुकी होती. अँबॅसिडर घ्या, किंवा डिसेंबर १९८३ मध्ये रस्त्यावर आलेली मारुती ८०० घ्या. त्यांत कार्बोरेटर असे. बिघाड झाला की आवाज, धूर आणि वास यांवरून कारागीर निदान करीत. पुढे इंधन मोजून सोडण्याचे काम एका लहानशा संगणकाकडे आले. त्याला इ.सी.यू. म्हणतात. इंजिनाला बसविलेले अनेक सेन्सर या संगणकाला क्षणोक्षणी खबर देतात : पाणी किती तापले, हवा किती आत आली, दांडा किती वेगाने फिरतो आहे, धुरात प्राणवायू किती उरला आहे. खबर ठरलेल्या मर्यादेबाहेर गेली की संगणक ती सांकेतिक क्रमांकाने आपल्या स्मरणात ठेवतो आणि पिवळा दिवा लावतो.

ही व्यवस्था मुळात हवेच्या प्रदूषणामुळे जन्माला आली. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने १९८८ सालच्या मोटारींपासून असे स्वयंनिदान सक्तीचे केले. तथापि प्रत्येक कंपनीची खाच निराळी आणि संकेत निराळे असत. मग १९९६ सालच्या मोटारींपासून साऱ्या अमेरिकेत एकच खाच आणि एकच संकेतावली आली. तिला ओ.बी.डी. दोन असे नाव आहे. आपल्या देशात भारत स्टेज ४ च्या मोटारींना १ एप्रिल २०१० पासून या व्यवस्थेचा पहिला टप्पा आणि १ एप्रिल २०१३ पासून दुसरा टप्पा लागू झाला. म्हणून त्यानंतरच्या बहुतेक मोटारींत ही सोळा छिद्रांची खाच आपणांस सापडेल. १ एप्रिल २०२० पासून भारत स्टेज ६ आला, तेव्हा दुचाकींनाही स्वयंनिदान आले. मात्र अनेक दुचाकींचा जोड मोटारीपेक्षा वेगळा असतो. नव्या नमुन्याच्या गाड्यांची अशी तपासणी आपल्या पुण्यातच होते. १९६६ साली स्थापन झालेली ए.आर.ए.आय. ही वाहनसंशोधन संस्था ते काम करते.

आता त्या काडेपेटीएवढ्या वस्तूविषयी. तिला ॲडॅप्टर म्हणतात. कॅनडातील एल्म इलेक्ट्रॉनिक्स या कंपनीने ई.एल.एम. ३२७ नावाची एक चिप तयार केली. बाजारातील बहुतेक स्वस्त ॲडॅप्टर हे तिचेच अनुकरण आहे. काहीशे रुपयांपासून तो मिळतो. ब्लूटूथने तो मोबाईलशी जोडावयाचा. जोडताना संकेतांक मागितला तर तो बहुधा १२३४ किंवा ०००० असतो. मोबाईलवर टॉर्क किंवा कार स्कॅनर यांसारखे एखादे ॲप घ्यावयाचे. ॲडॅप्टर खाचेत बसवा, किल्ली 'ऑन' करा, ॲप उघडा, आणि संकेत वाचण्याची आज्ञा द्या. एवढेच काम. सातवीतले पोर ते करील.

परंतु दिसलेला संकेत समजणे हे सातवीतल्या पोराचे काम नाही. पी ०३०१ हेच पाहा. 'पी' म्हणजे इंजिन आणि गिअर यांचा विभाग. 'बी' असेल तर गाडीचा सांगाडा व आतील सोयी, 'सी' असेल तर ब्रेक-स्टिअरिंगचा विभाग, आणि 'यू' असेल तर संगणकांचे आपापसांतील दळणवळण. त्यानंतरचे शून्य सांगते की हा संकेत सर्व कंपन्यांना समान आहे. तेथे १ असता तर तो त्या कंपनीचा खास संकेत ठरला असता. पुढचा ३ म्हणजे ठिणगीचे काम. शेवटचे ०१ म्हणजे पहिले सिलिंडर. पाच अक्षरांत केवढा मजकूर! व्याकरणात आपण शब्दाची फोड करतो, तशीच ही फोड आहे.

आणि पहिलेच सिलिंडर पेटत नाही, हे संगणकाला कळते कसे? चार माणसे आळीपाळीने मोट ओढीत आहेत असे समजा. एकाने आपल्या पाळीला हात ढिला सोडला तर दोराला नेमका त्या वेळी हिसका बसतो. इंजिनाचा दांडा म्हणजे क्रँकशाफ्ट याच्याजवळ एक सेन्सर असतो. तो दांड्याची गती बारकाईने मोजतो. एखाद्या सिलिंडरात इंधन पेटले नाही की त्याच्या पाळीला दांडा किंचित मंदावतो. पाळी कोणाची होती हे संगणकाला ठाऊक असते. म्हणून तो नाव घेऊन सांगतो.

विद्यार्थी मित्रांनो, 'हे गणित पुढे कुठे उपयोगी पडणार?' असे तुम्ही आम्हांला विचारता. त्याचे एक उत्तर या ॲपमध्ये आहे. इंजिनाच्या पाण्याचे तापमान संगणक ० ते २५५ मधील एका संख्येने पाठवितो. त्या संख्येतून ४० वजा केले की अंश सेल्सिअस मिळतात. संख्या १३० आली तर तापमान ९० अंश. ४० कशासाठी वजा करावयाचे? शून्याखालची थंडीही ऋण चिन्ह न वापरता पाठविता यावी म्हणून! इंजिनाचे फेरे दोन संख्यांनी येतात. पहिलीला २५६ ने गुणा, दुसरी मिळवा, आणि चाराने भागा. पहिली १२ व दुसरी १२८ असेल तर ३०७२ अधिक १२८, म्हणजे ३२००. भागिले ४, म्हणजे मिनिटाला ८०० फेरे. गाडी उभी असताना एवढे फेरे योग्यच होत. ही आकडेमोड ॲप आपल्यासाठी करते. पण ती कोणीतरी शिकलेल्या माणसाने त्यात आधी लिहून ठेवलेली आहे.

आता पुन्हा माझ्या गाडीकडे येऊ. संकेत मिळाला, म्हणून आम्ही लगेच काही बदलले का? नाही. येथे चाचांनी जे केले ते मला प्रयोगशाळेत शोभण्यासारखे वाटले. प्रत्येक सिलिंडराच्या डोक्यावर ठिणगीसाठी एक कॉइल असते. चाचांनी एक नंबरची कॉइल काढून दोन नंबरवर बसविली आणि दोन नंबरची एकवर. मुलाने ॲपमधून जुना संकेत पुसला. गाडी सुरू करून थोडी चालविली. पुन्हा दिवा, पुन्हा संकेत; पण या वेळी पी ०३०२! चाचा हसून म्हणाले, "सर, बिमारी कॉइलसोबत चालत गेली." दोष सिद्ध झाला. एक कॉइल बदलली आणि गाडी आजपर्यंत बिनतक्रार चालते आहे. संकेत ०३०१ च राहिला असता तर कॉइल निर्दोष ठरली असती, आणि मग प्लग, इंजेक्टर, सिलिंडराचा दाब असा शोध पुढे गेला असता. पहिल्या वेळी बदललेला माझा सेन्सर मात्र चांगला होता!

यातून मी जे शिकलो ते असे : संकेत हा साक्षीदार आहे, न्यायाधीश नव्हे. पी ०१७१ हा संकेत सांगतो की मिश्रणात हवा जास्त व इंधन कमी आहे. पण त्याचे कारण फाटलेली नळी असेल, मळलेला हवेचा सेन्सर असेल, किंवा पेट्रोलचा दाब कमी पडत असेल. ॲप तक्रार सांगते. कारण शोधणे माणसाकडेच राहते.

पालकहो, आपल्यापैकी पुष्कळांकडे आता गाडी आहे, काहींचे पोटच गाडीवर आहे. म्हणून चार सूचना करतो. पिवळा दिवा स्थिर असेल तर घाबरू नका, पण लवकर तपासून घ्या. तो लुकलुकत असेल तर गाडी दामटू नका. न जळलेले पेट्रोल धुराड्यातील महागड्या शुद्धीकरण यंत्रात, म्हणजे कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये जाऊन त्याची राख करते. त्या दिवशी पुसदच्या रस्त्यावर मी हीच चूक करीत होतो. ऑइलचा लाल दिवा लागला तर ॲप काढत बसू नका, तत्काळ इंजिन बंद करा. दुसरे, संकेत पुसणे म्हणजे दुरुस्ती नव्हे. फळ्यावरची चूक पुसली म्हणून गणित सुटत नाही. पुसण्यापूर्वी संकेत कागदावर लिहून ठेवा. तिसरे, चालकाने गाडी चालविताना मोबाईलकडे पाहू नये, आणि काम झाल्यावर ॲडॅप्टर काढून ठेवावा; तो बॅटरी खात राहतो. चौथे, गॅरेजात भांडू नका, पण नम्रपणे विचारा, "संकेत कोणता आला?" प्रामाणिक कारागिराला या प्रश्नाचा राग येत नाही, आणि ग्राहक विचारतो आहे म्हटल्यावर अंदाजाने पार्ट बदलणे कमी होते.

आता जरा अवघड गोष्ट बोलतो. आपल्याच तालुक्यातील फुलसावंगीचा शेख इस्माईल आपणां सर्वांना आठवत असेल. मुन्ना हेलिकॉप्टर या नावाने तो साऱ्या देशाला ठाऊक झाला. आठवीपर्यंत शिकलेला, पत्र्याचे व वेल्डिंगचे काम करणारा हा २४ वर्षांचा तरुण मारुती ८०० चे इंजिन लावून एकट्याने हेलिकॉप्टर बनवीत होता. ऑगस्ट २०२१ मध्ये रात्री चाचणी घेत असताना मागचा पंखा तुटला, तो वरच्या मोठ्या पंख्यावर आदळला, आणि त्या पंख्याच्या आघाताने तो गेला. आपण सारे हळहळलो.

एखादे ॲप असते तर तो वाचला असता, असे मी म्हणणार नाही. ते खोटे होईल. उलट, मोटारीचे इंजिन बोलते, कारण त्याला बोलते करण्यासाठी हजारो शिकलेल्या लोकांनी वर्षानुवर्षे खपून सेन्सर बसविले. त्याने हाताने घडविलेल्या पंख्याला बोलते करणारे कोणी नव्हते. धातूला किती ताण सोसवतो, किती फेऱ्यांवर तो तुटतो, हे मोजण्याची विद्या असते. ती विद्यालयात, प्रयोगशाळेत मिळते. त्या मुलाच्या हातात कला होती, मनात जिद्द होती. त्याच्या शेजारी मोजणारा माणूस नव्हता. याचा दोष त्याच्याकडे नाही. तो आपल्या सर्वांकडे, म्हणजे माझ्यासारख्या शिक्षकांकडेही येतो.

आणि पाहा, यंत्रविद्येच्या इतिहासात आणखी एक इस्माईल आहे. इस्माईल अल्-जझारी याने इ.स. १२०६ मध्ये यंत्रांवरचा आपला प्रसिद्ध ग्रंथ पूर्ण केला. आज मोटारीच्या इंजिनात जो क्रँक फिरतो, त्याचा उपयोग त्याने पाणी उपसण्याच्या यंत्रात केला होता. तोही हाताने काम करणारा कारागीरच. पण तो कागदाचे नमुने करून पाही, छिद्रे मापून घेई, चाकांचा तोल तपाशी, आणि जे केले ते लिहून ठेवी. हात आणि अक्षर एकाच माणसात होते.

गॅरेजात उभे असताना तिघांची जी बेरीज झाली, ती एका मुलात कशी होईल, हा आपल्यापुढील प्रश्न आहे. 'शिकून कोणती नोकरी मिळणार? त्यापेक्षा हाताला काम लागू दे,' असे म्हणून आपण मुलाला आठवीतून काढून गॅरेजात बसवितो. घरची अडचण असते, मी ती जाणतो. नावे ठेवण्यासाठी मी हे बोलत नाही. हाताचे काम कमी प्रतीचे आहे, असेही माझे मत नाही. चाचांसारखा कारागीर घडायला आयुष्य जावे लागते. पण कार्बोरेटरच्या काळात जे कानाने भागत होते ते आता कानाने भागत नाही. उद्याच्या मेकॅनिकला इंग्रजी ओळ वाचावी लागेल, आलेख पाहावा लागेल, व्होल्ट मोजावे लागतील. जो वाचणार नाही तो दुसऱ्याने सांगितलेले नट आवळीत राहील.

म्हणून माझी विनंती इतकीच. मुलाला सुट्टीच्या दिवशी उस्तादाकडे जरूर पाठवा, पण दहावीच्या आत शाळेतून काढू नका. दहावीनंतर आय.टी.आय. मध्ये मोटार मेकॅनिकचा दोन वर्षांचा आणि डिझेल मेकॅनिकचा एक वर्षाचा अभ्यासक्रम आहे. तेथून तंत्रनिकेतनाचीही वाट निघते. ज्यांची शाळा सुटली आहे त्यांच्यासाठीही दार बंद नाही. १७ नंबरचा अर्ज भरून खाजगीरीत्या दहावीला बसता येते. आणि मुलींनो, व्होल्ट मोजायला व संकेत वाचायला मिशा लागत नाहीत; हा विषय तुमचाही आहे.

माझा तो विद्यार्थी आता संध्याकाळी काम आटोपून माझ्याकडे येतो. आम्ही इंग्रजीचे पुस्तक काढतो, आणि कंटाळा आला की मोबाईलवरच्या संकेतांचे अर्थ लावीत बसतो. मी त्याला शब्द सांगतो, तो मला यंत्र सांगतो. १७ नंबरचा अर्ज त्याने भरला आहे. पास होईल की नाही ते परीक्षा ठरवील. पण परवा त्याने एक ओळ न अडखळता वाचली, आणि 'डिटेक्टेड' या शब्दाचा अर्थ मला न विचारता चाचांना स्वतः समजावून सांगितला. चाचा मान हलवून म्हणाले, "असं आहे होय! इतकी वर्षं नुसतं अक्षर बघत होतो."

पिवळा दिवा गाडीत लागतो, तसा तो घरातही लागतो. मूल शाळेला दांड्या मारू लागते, वही कोरी राहू लागते, प्रश्न विचारणे बंद करते. हे संकेतच आहेत. ते पुसून टाकू नका. वाचा, कारण शोधा, आणि वेळेवर आमच्याकडे या.